कलियुग नेमके कुणासाठी वाईट?

टॉल्किन नावाच्या इंग्रज लेखकाने एक अख्खे कल्पित जग रचले. त्याच्या गाजलेल्या कादंबरीचा शेवटचा भाग १९५५ साली आला, तेव्हा परिशिष्टात त्याने त्या जगाची दिनदर्शिकासुद्धा देऊन टाकली. बारा महिने, प्रत्येक महिना तीस दिवसांचा, उरलेले दिवस कोणत्याच महिन्यात न धरता सणासुदीचे. नागपुरातल्या आपल्या वस्त्यांमधली कॉलेजची पोरे असल्या कादंबऱ्या आवडीने वाचतात, त्यावरचे सिनेमे पाहतात. वाचू द्या. त्या दिनदर्शिकेवरून कुणाचे लग्न मोडले नाही, कुणाला पाणवठ्यावरून हाकलले नाही. लेखकाने खाली स्वतःचे नाव लिहिले आहे आणि हे मी रचले आहे असे सरळ सांगितले आहे.

आपल्या देशातही कल्पित जगाची एक कालगणना आहे. कृत, त्रेता, द्वापर आणि कली. तिच्या रचनाकारांनी मात्र खाली सही केली नाही. ती ब्रह्मदेवाची म्हणून खपवली आणि खऱ्या माणसांवर लादली. आज हीच कालगणना ‘प्राचीन विज्ञान’ म्हणून परत येते आहे. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणानंतर ‘भारतीय ज्ञानप्रणाली’ हा विषय पदवीच्या वर्गात आला. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी उज्जैनला पंतप्रधानांच्या हस्ते ‘विक्रमादित्य वैदिक घड्याळा’चे उद्घाटन झाले, ते दिवसाचे तीस मुहूर्त दाखवते. मोबाईलवर रोज एक तरी संदेश येतो की आपल्या ऋषींना विश्वाचे वय ठाऊक होते. अशा वेळी युगांचा हा हिशेब एकदा नीट तपासायला हवा असे आम्हाला वाटते. तपासणी नवी नाही. बाबासाहेबांनी ती आधीच केली आहे. आपणच ती वाचलेली नाही.

न वाचलेली प्रकरणे

बाबासाहेबांचे ‘रिडल्स इन हिंदुइझम’ त्यांच्या हयातीत छापले गेले नाही. महाराष्ट्र शासनाने ते १९८७ साली लेखन आणि भाषणांच्या चौथ्या खंडात प्रसिद्ध केले. संपादक होते आपल्या नागपूरचे वसंत मून. त्यावरून जो गदारोळ झाला तो जुन्या कार्यकर्त्यांना आठवत असेल. राम आणि कृष्ण यांच्यावरील प्रकरणावरून विरोध पेटला, १९८८ च्या सुरुवातीला मुंबईत दोन्ही बाजूंचे प्रचंड मोर्चे निघाले आणि अखेर त्या मजकुराशी शासन सहमत असेलच असे नाही, अशा अर्थाच्या टिपेवर वाद मिटवला गेला.

आपण ती लढाई लढलो, पण त्या भांडणात एक नुकसान झाले. पुस्तक म्हणजे राम-कृष्णाचे प्रकरण, एवढेच सगळ्यांच्या डोक्यात राहिले. त्याच पुस्तकात मन्वंतरांवर, कलिवर्ज्यांवर आणि कलियुगावर स्वतंत्र प्रकरणे आहेत. कलियुग ब्राह्मणांनी न संपणारे का केले, हा प्रश्न बाबासाहेबांनी तिथे सरळ विचारला आहे. दर दसऱ्याला दीक्षाभूमीवरून पुस्तकांच्या पिशव्या भरून नेणाऱ्या समाजात या प्रकरणांवर किती व्याख्याने होतात? आम्ही तरी फारशी ऐकलेली नाहीत.

पाचाचे चार लाख बत्तीस हजार

आधी हिशेब पाहू. वेदांग ज्योतिषात ‘युग’ हा शब्द येतो, पण ते युग फक्त पाच वर्षांचे आहे. सूर्य-चंद्राचा मेळ घालण्यासाठी केलेली ती व्यवहारी सोय होती. कृत, त्रेता, द्वापर, कली ही नावे तर वैदिक वाङ्मयात फाशांच्या दानांची आहेत. कली म्हणजे हरणारे दान. जुगाराच्या पटावरचे शब्द उचलून काळाला लावले गेले.

मनुस्मृतीच्या पहिल्या अध्यायात आकडे वाढतात. कृतयुग ४,००० वर्षांचे, त्रेता ३,०००, द्वापर २,००० आणि कली १,०००. प्रत्येकाच्या पुढेमागे संधिकाल जोडला की चारही युगांची बेरीज १२,००० होते. त्यात कलीच्या वाट्याला १,२०० वर्षे येतात. म्हणजे वाईट काळ आला तरी हजार-बाराशे वर्षांत संपणार होता.

मग पुराणांनी एक युक्ती केली. ही वर्षे माणसांची नाहीत, देवांची आहेत, आणि देवांचा एक दिवस म्हणजे माणसाचे एक वर्ष! झाले. १,२०० गुणिले ३६० म्हणजे ४,३२,०००. एका गुणाकारात कलियुग चार लाख बत्तीस हजार वर्षांचे झाले. बाबासाहेबांनी बोट ठेवले ते या गुणाकारावर. परंपरेच्याच हिशेबाने कलियुगाची जेमतेम ५,१०० च्या वर वर्षे सरली आहेत, म्हणजे सव्वाचार लाखांहून जास्त बाकी आहेत. सुटकेची तारीख इतकी लांब ढकलली, की कुणी ती विचारायलाही जाऊ नये.

आणि ही ५,१०० वर्षे तरी कुणी मोजली? कलियुग इसवी सनापूर्वी ३१०२ मध्ये सुरू झाले हे गणित मागाहून केलेले आहे. आर्यभटाने इसवी सन ४९९ मध्ये आपले वय सांगताना कलीची ३,६०० वर्षे सरल्याचे लिहिले आहे. सगळे ग्रह एका ठिकाणी होते असा आरंभबिंदू ज्योतिषांना हवा होता, म्हणून ते गणिताने मागे मागे गेले. आर्यभट मोठा गणिती होता, त्याच्याशी आमचे भांडण नाही. गणितासाठी घेतलेल्या शून्याला इतिहास म्हणणाऱ्यांशी आहे.

दगड काय बोलतात

कलियुग खरोखर मोजले जात असते तर ते दगडावर दिसले असते. सम्राट अशोक आपल्या लेखांत साल कसे देतो? राज्याभिषेकाला आठ वर्षे झाल्यावर कलिंग जिंकला, असे तेराव्या शिलालेखात आहे. पाचव्या स्तंभलेखात तो पौर्णिमा आणि उपोसथाचे दिवस सांगतो, पण कशासाठी? त्या दिवशी प्राण्यांची हत्या करू नये, मासे मारू नयेत, यासाठी. दिनदर्शिकेचा असाही उपयोग होऊ शकतो, हे या भूमीवर तेवीसशे वर्षांपूर्वी एका राजाने दाखवून दिले आहे.

आपल्या महाराष्ट्रात या. नाशिकच्या त्रिरश्मी लेण्यांत गौतमी बलश्रीचा लेख आहे. भिक्खूंना लेणे दान दिल्याचा तो लेख. तारीख अशी: पुळुमावी राजाचे १९ वे वर्ष, ग्रीष्माचा दुसरा पक्ष, तेरावा दिवस. राजाचे वर्ष, ऋतू, पक्ष, दिवस. शेतकऱ्याला कळेल अशी तारीख. आणि लक्षात घ्या, याच लेखात गौतमीपुत्राने वर्णसंकर थांबवल्याची स्तुती आहे. म्हणजे वर्णव्यवस्थेचा अभिमान होता, तरीही तारखेत कलियुग नव्हते. कलियुगाचे साल देणारा प्रसिद्ध लेख सापडतो तो ऐहोळेचा, इसवी सन ६३४ चा. भारती युद्धाला ३,७३५ वर्षे झाली असे तो सांगतो, आणि शेजारी शक ५५६ देतो. व्यवहाराला शक आणि मोठेपणाला कली!

कलियुगाची लक्षणे म्हणजे आपण

हिशेब खोटा आहे एवढेच असते तर आम्ही हा लेख लिहिला नसता. खोटे आकडे जगात पुष्कळ आहेत. हे आकडे कुणाच्या विरोधात वापरले गेले ते पाहायला हवे.

महाभारताच्या वनपर्वात मार्कंडेय ऋषी युगान्ताची लक्षणे सांगतो. दुष्काळ, लबाडी, आयुष्य घटणे वगैरे आहेच. पण पुढे काय? शूद्र धर्म सांगतील आणि ब्राह्मण बसून ऐकतील. शूद्र द्विजांची सेवा करणार नाहीत. लोक देवांना सोडून एडूकांची पूजा करतील आणि पृथ्वीवर देवळांऐवजी एडूकच दिसतील. एडूक म्हणजे अस्थी ठेवलेली वास्तू. अनेक अभ्यासक त्याचा अर्थ बौद्ध स्तूप असा लावतात.

आता नागपुरात उभे राहून हे वाचा. दीक्षाभूमीचा स्तूप १८ डिसेंबर २००१ रोजी राष्ट्रपती के. आर. नारायणन यांच्या हस्ते खुला झाला. स्तूपाखाली बाबासाहेबांच्या अस्थी. उद्घाटक दलित समाजातून आलेले राष्ट्रपती. ज्याने जातीने घातलेल्या वेढ्यातून शिक्षण खेचून आणले त्याचे विचार ऐकायला लाखो माणसे जमतात. मार्कंडेयाने सांगितलेल्या ‘अरिष्टा’चे प्रत्येक लक्षण इथे हजर आहे! ज्याला ते जगाचा अंत म्हणत होते, तो आपल्या जगण्याचा आरंभ आहे.

इतिहासकार रामशरण शर्मा यांनी १९८२ साली हाच धागा पकडला. कलियुगाची ही वर्णने म्हणजे भविष्यवाणी नव्हे, तर इसवी सनाच्या तिसऱ्या-चौथ्या शतकातल्या सामाजिक संकटाचे पडसाद आहेत, अशी त्यांची मांडणी होती. खालचे लोक काम आणि कर नाकारू लागले, तेव्हा वरच्यांनी त्या काळाला कलियुग म्हटले. समाजशास्त्राच्या वर्गात आम्ही शिकलो की समाजाचे वर्णन कोण करतो आहे हे आधी विचारावे. कलियुगाचे वर्णन करणारा माणूस आपली गादी हलताना पाहत होता.

पंचांगातून हुकूम

या कल्पित कालगणनेने महाराष्ट्रात काय काय केले, त्याची दोन उदाहरणे पुरेत.

कलियुगात क्षत्रिय उरलेच नाहीत, ब्राह्मण आणि शूद्र हे दोनच वर्ण आहेत, असा सिद्धांत सनातनी पंडित मांडत होते. तो कुणाच्या आड आला? १६७४ साली छत्रपती शिवाजी महाराजांच्या आड. राज्य स्वतःच्या मनगटावर उभे केले, तरी राज्याभिषेकासाठी काशीहून गागाभट्टांना आणावे लागले, आधी मुंज करावी लागली. महाराजांनी मात्र त्या दिवसापासून राज्याभिषेक शक सुरू केला, वर्ष पहिले. ज्यांच्या मते काळच संपत आला होता, त्यांच्या डोळ्यांसमोर त्यांनी काळ एकपासून मोजायला घेतला.

सव्वादोनशे वर्षांनी, १८९९ मध्ये, कोल्हापुरात तोच सिद्धांत शाहू महाराजांच्या आड आला. पंचगंगेवर स्नानाच्या वेळी भटजीने वेदोक्त मंत्र नाकारले. राजाला! जो सिद्धांत छत्रपतींना शूद्र ठरवतो, तो मांगवाड्यातल्या आणि महारवाड्यातल्या माणसाला काय ठरवत असेल? शाहू महाराजांनी राजोपाध्यांची वतने जप्त केली, हे बरे झाले. कालगणनेला उत्तर वतनाच्या कागदावर दिले गेले.

कलिवर्ज्यांची गोष्ट तर याहून सोयीची. पूर्वी चालत होते पण कलियुगात चालणार नाही, अशा आचारांची ती यादी. त्यात विधवेचा पुनर्विवाह आहे, दुसऱ्या वर्णातल्या मुलीशी लग्न आहे, समुद्रप्रवास आहे. जे पूर्वजांनी केले त्याला पाप म्हणायचे नाही, आणि आज कुणी करू पाहिले तर ‘युग बदलले’ म्हणून अडवायचे. धर्म सनातन, पण बंदी युगानुसार! आंतरजातीय लग्नावरची बंदी काळाच्या नावाखाली घातली गेली, हे जातीच्या अंतासाठी झटणाऱ्या प्रत्येकाने पाठ करून ठेवावे.

‘शास्त्रज्ञांनीही मान्य केले आहे’

यावर ठरलेले उत्तर येते. कार्ल सेगन या अमेरिकी खगोलशास्त्रज्ञाने म्हणे हिंदू कालगणनेची वाखाणणी केली. ब्रह्मदेवाचा दिवस ४३२ कोटी वर्षांचा, आणि पृथ्वीचे वय सुमारे ४५४ कोटी. बघा, किती जवळ!

सेगनने तसे लिहिले आहे खरे. पण हा मेळ योगायोगाने बसतो असेही त्याने त्याच वाक्यात म्हटले आहे, आणि संदेश पुढे ढकलणारे नेमके तेवढे खोडून टाकतात. शिवाय ४३२ कोटी घ्यायचे तर सगळेच घ्या. द्वापरयुग ८,६४,००० वर्षांचे. म्हणजे त्रेतायुगातला राम किमान पावणेनऊ लाख वर्षांपूर्वीचा. आपली मानवजात सुमारे तीन लाख वर्षांची आहे, एवढेच जीवाश्मांवरून दिसते. मनु म्हणतो कृतयुगात माणूस चारशे वर्षे जगे. याला विज्ञान म्हणायचे असेल तर टॉल्किनच्या परिशिष्टालाही विद्यापीठात श्रेयांक द्यावे लागतील.

विज्ञान कसे असते ते मेघनाद साहांनी दाखवले. ढाक्याजवळच्या खेड्यात, तथाकथित खालच्या जातीत जन्मलेला हा मुलगा. कलकत्त्याच्या वसतिगृहात त्याला जातीचे चटके बसले. पुढे तो जगन्मान्य भौतिकशास्त्रज्ञ झाला. १९५२ साली सरकारने नेमलेल्या दिनदर्शिका सुधारणा समितीचे साहा अध्यक्ष होते. देशभरात चालणारी तऱ्हेतऱ्हेची पंचांगे त्यांनी गोळा केली, त्यांतल्या चुका दाखवल्या आणि सूर्याच्या गतीवर आधारलेले राष्ट्रीय पंचांग सुचवले. ते २२ मार्च १९५७ पासून लागू झाले. साहा त्याआधीच, फेब्रुवारी १९५६ मध्ये गेले होते. सरकारी राजपत्रावर आजही ती तारीख छापली जाते, पण ज्योतिषाच्या दुकानाला तिचा उपयोग नाही, म्हणून ती लोकांपर्यंत पोचवली गेली नाही.

आपल्या घरातला हिशेब

कुणी म्हणेल, बौद्ध साहित्यातही कल्प आहेत, ऐंशी हजार वर्षांची आयुष्ये आहेत. आहेत, आणि आम्ही ते झाकून ठेवत नाही. बुद्ध संवतसुद्धा माणसांनीच ठरवलेला आहे. १९५६ साली २५०० वर्षांचा उत्सव झाला तो परंपरेच्या हिशेबाने, इतिहासकार महापरिनिर्वाण त्याहून अलीकडचे मानतात. पण दीघनिकायातले चक्कवत्ति-सीहनाद सुत्त वाचा. तिथेही आयुष्य ऐंशी हजारांवरून दहा वर्षांवर घसरते. का? राजाने गरिबांना धन दिले नाही म्हणून. त्यातून दारिद्र्य, दारिद्र्यातून चोरी, चोरीतून शस्त्र, शस्त्रातून हत्या. आणि चांगले दिवस परत येतात ते कुणी अवतार घोड्यावर बसून आल्यामुळे नव्हे, तर उरलेली माणसे एकमेकांना मारायचे नाही असे ठरवतात म्हणून. त्या आकड्यांवर विश्वास ठेवायची गरज नाही. कारण कुठे शोधले आहे ते पाहा: एका कथेत दोष शूद्राच्या डोके वर काढण्याचा, दुसरीत राज्यकर्त्याच्या कंजूषपणाचा.

आणखी एक गाठ सोडवायला हवी. महाराष्ट्रात पूजेच्या आधी जो संकल्प सोडतात त्यात कलियुगाच्या पहिल्या चरणाबरोबर ‘बौद्धावतारे’ असा शब्द येतो. भागवत पुराणात हा अवतार देवांच्या शत्रूंना भुलवण्यासाठी येतो. म्हणजे जो कलियुग मानतो तो बुद्धाला भूल पाडणारा विष्णू मानतो, कळत असो वा नसो. बावीस प्रतिज्ञांतली पाचवी प्रतिज्ञा नेमकी याच्याविरुद्ध आहे. तोंडाने पाचवी प्रतिज्ञा आणि लग्नाला मुहूर्त, या दोन गोष्टी एका घरात राहू शकत नाहीत.

वस्तीत काम करताना आम्ही पाहतो, मुलीने आपल्या मनाने लग्न केले की आपलीच माणसे म्हणतात, काय बाई, कलियुग आले. सून नोकरीला निघाली, कलियुग. मुलीने वडिलांच्या चितेला अग्नी दिला, कलियुग. हा शब्द आपल्या तोंडात कुणी घातला? ज्याने आपल्या आज्याच्या शिकण्याला कलियुग म्हटले असते, त्यानेच.

म्हणून आमचे म्हणणे थोडक्यात असे. एक, प्रत्येक विहारातल्या वाचनवर्गात चौथ्या खंडातली युगांवरची प्रकरणे या वर्षावासात वाचली जावीत. दोन, बाबासाहेबांचा फोटो लावून आत राहुकाळ आणि विवाहमुहूर्त छापणाऱ्या दिनदर्शिका विकत घेऊ नयेत. पौर्णिमा जरूर छापा, ती आकाशात दिसते. राहुकाळ दिसत नाही. तीन, १९५६ साली विजयादशमी १४ ऑक्टोबरला आली होती. सुटीच्या सोयीने लोक दसऱ्याला जमतात तर जमू द्या, त्यावरून आपसात भांडू नका, पण मुलांना तारीख १४ ऑक्टोबर १९५६ हीच शिकवा. ती ठरवायला कुठल्याही पंचांगकर्त्याची गरज नाही. चार, ज्ञानप्रणालीच्या तासाला युगे शिकवली गेली तर आपल्या विद्यार्थ्यांनी हात वर करून नम्रपणे विचारावे: सर, हे कोणत्या शतकातल्या ग्रंथात आहे, आणि त्याच ग्रंथात शूद्रांबद्दल काय लिहिले आहे?

राज्यघटना २६ जानेवारी १९५० ला लागू झाली. अस्पृश्यता पाळणे गुन्हा ठरले, राजाला आणि झाडूवाल्याला एकेक मत मिळाले. त्यांच्या हिशेबात हे सगळे कलियुगातच घडले. तसे असेल तर कृतयुग त्यांचे त्यांना लखलाभ. आपल्याला याच युगात अजून पुष्कळ कामे करायची आहेत.

जय भीम! नमो बुद्धाय!